शिक्षा, शिक्षण आणि तीनशे शब्दांचा निबंध

हिंदी वर्तमानपत्रात 'शिक्षा मंत्री' हा शब्द पहिल्यांदा वाचणारं मराठी मूल हसतं. शिक्षा करण्यासाठी सरकारने वेगळा मंत्री नेमला, हा आपल्याकडचा जुना शाळकरी विनोद आहे. अनुवाद करणाऱ्याला मात्र तो रोज भेटतो. हिंदी, बांगला, ओडिया, असमिया या भाषांत शिक्षा म्हणजे शिकणं आणि शिकवणं. मराठीत शिक्षा म्हणजे दंड. कन्नडमध्ये 'शिक्षे', तेलुगू आणि मल्याळममध्ये 'शिक्ष', अर्थ आपल्यासारखाच. मराठीने आणि कन्नडने शिकण्यासाठी 'शिक्षण' हा शब्द वेगळा ठेवला. धातू एकच, पण देशाच्या एका भागात तो शाळेकडे गेला आणि दुसऱ्या भागात तुरुंगाकडे.

धातूकडे जरा थांबून पाहिलं तर आणखी एक गोष्ट दिसते. 'शिक्ष्' हा मुळात 'शक्' या धातूच्या इच्छार्थक रूपातून आलेला आहे. शक् म्हणजे जमणं, शकणं, समर्थ असणं. तेव्हा शिक्षा म्हणजे आपल्याला जमावं अशी इच्छा, समर्थ होण्याची ओढ. तिच्यात छडीही नाही आणि फळाही नाही. ते दोन्ही अर्थ पुढचे.

अठरा वर्षांखालच्या मुलाने गुन्हा केला तर त्याचं काय करायचं, या प्रश्नावर आपल्याकडे वाद होतो तेव्हा तराजूची भाषा वापरली जाते. एका पारड्यात शिक्षा, दुसऱ्यात सुधारणा. दर मोठ्या गुन्ह्यानंतर एक पारडं खाली जातं, काही वर्षांनी दुसरं. माझं म्हणणं असं की हा तराजूच चुकीचा आहे. त्याच्यामुळे खरा प्रश्न झाकला जातो: मुलाची कोणती क्षमता आपण तपासतो? गुन्हा करण्याची, की बदलण्याची आणि दुसऱ्याचं नुकसान ओळखण्याची? हे कायद्याच्या अभ्यासकांनी बोलायचं, असं कोणी म्हणेल. पण या कायद्याचा बराचसा भाग शब्दांवर उभा आहे, आणि शब्दांबद्दल बोलणं हे आमचं काम आहे.

कायद्यातल्या मुख्य शब्दापासूनच सुरुवात करतो. २०१५ च्या बाल न्याय अधिनियमाचा मूळ इंग्रजी शब्दप्रयोग अक्षरशः सांगायचा तर 'कायद्याशी संघर्षात असलेलं मूल' असा आहे. 'बालगुन्हेगार' हा शब्द टाळण्यासाठी तो मुद्दाम योजलेला आहे, आणि त्याच्या व्याख्येत ज्याच्यावर आरोप आहे तो आणि ज्याचा गुन्हा सिद्ध झाला तो, असे दोघंही येतात. हिंदी पाठात त्याचं झालं 'विधि का उल्लंघन करने वाला बालक'. म्हणजे संघर्ष गेला, उल्लंघन आलं. आरोप असलेल्या मुलालाही भाषेने निकालाआधीच दोषी ठरवलं. मराठीत पोलिसांच्या पत्रकांतून आणि बातम्यांतून रूढ झाला तो 'विधिसंघर्षग्रस्त बालक'. इथे गंमत उलटी आहे. 'ग्रस्त' आपण कुठे लावतो? दुष्काळग्रस्त, पूरग्रस्त, प्रकल्पग्रस्त. ज्याच्यावर काहीतरी येऊन कोसळलं तो ग्रस्त. मराठी शब्दातला मुलगा काही करतच नाही; कायद्याशी संघर्ष नावाची आपत्ती त्याच्यावर येते. बांगलादेशाच्या २०१३ च्या शिशु आइनमध्ये याला 'आइनेर सहित संघाते जडित शिशु' म्हटलं आहे: कायद्याबरोबरच्या संघर्षात गुंतलेलं मूल. तीन भाषांत हा मूळच्या सर्वांत जवळचा. त्यात दोष नाही आणि दयाही नाही.

एकाच कल्पनेच्या या तीन अनुवादांत सगळा वाद आलेला आहे. हिंदी शब्द मुलाला कर्ता करतो, मराठी शब्द त्याला भोक्ता करतो. एकाला शिक्षा हवी, दुसऱ्याला मदत. दोघांनाही हे मान्य नाही की तोच मुलगा कर्ताही असू शकतो आणि भोक्ताही. शिवाय मराठी शब्द इतका जड आहे की बातमीच्या पहिल्या ओळीत तो येतो आणि दुसऱ्या ओळीपासून 'अल्पवयीन आरोपी' सुरू होतं. बोजड शब्दाने कोणाची अब्रू राखली जात नाही. लोक तो ओलांडून पुढे जातात.

आणि हे कायद्याच्या मनाविरुद्ध आहे. याच अधिनियमाच्या कलम ३ मध्ये सोळा मूलतत्त्वं दिली आहेत. त्यांतलं एक असं की मुलाविषयीच्या कुठल्याही प्रक्रियेत आरोपाची किंवा वैरभावाची भाषा वापरायची नाही. कलंक लागेल असे शब्द टाळायचे, असं सांगणारे कायदे आपल्याकडे फार नाहीत. आणखी एक तत्त्व नव्या सुरुवातीचं: अपवादात्मक परिस्थिती सोडून मुलाच्या जुन्या नोंदी पुसून टाकायच्या. मला हे कलम वाचताना नेहमी वाटतं की ते लिहिणाऱ्यांना भाषेची ताकद आणि धोका दोन्ही ठाऊक होते.

त्याच कायद्यात कलम १५ आहे. डिसेंबर २०१२ मध्ये दिल्लीतल्या बसमध्ये झालेल्या सामूहिक बलात्कारानंतर, त्यातला एक आरोपी अठराच्या आतला होता म्हणून, वयाची मर्यादा खाली आणावी अशी मागणी देशभर झाली. न्यायमूर्ती वर्मा समितीने जानेवारी २०१३ च्या अहवालात तसं करू नये असं सांगितलं. सर्वोच्च न्यायालयानेही त्याच वर्षी मर्यादा कमी करायला नकार दिला. डिसेंबर २०१५ मध्ये त्या मुलाची तीन वर्षांची मुदत संपली, तो सुटला, आणि दोनच दिवसांनी राज्यसभेने नवं विधेयक मंजूर केलं. मर्यादा अठरावरच राहिली. पण सोळा ते अठरा वयाच्या मुलावर अतिगंभीर गुन्ह्याचा आरोप असेल तर बाल न्याय मंडळाने त्याचं 'प्राथमिक मूल्यमापन' करायचं, आणि त्याचा खटला प्रौढासारखा चालवायचा की नाही याची वाट त्यावरून ठरायची. मूल्यमापन कशाचं? तो गुन्हा करण्याची त्याची मानसिक आणि शारीरिक क्षमता, गुन्ह्याचे परिणाम समजण्याची कुवत, आणि गुन्हा ज्या परिस्थितीत घडला असं म्हटलं जातं ती परिस्थिती.

क्षमता हा शब्द इथे आला, आणि तो पहिल्या जागी आला तो गुन्हा करण्याची क्षमता म्हणून. शक् धातू परत आला, पण इच्छार्थ गळून. तुला काय जमावं, हा प्रश्न राहिला नाही. तुला काय जमलं असेल, एवढाच उरला. सोळा-सतरा वर्षांच्या धडधाकट मुलाला मारणं, चोरणं, गाडी भरधाव चालवणं शरीराने जमतं हे सिद्ध करायला मंडळ कशाला हवं? ते जमलं म्हणून तर तो तिथे उभा आहे. बदलण्याची क्षमता या कलमात नाही. ती कायद्यात पुढे येते, कलम २० मध्ये. प्रौढासारखा खटला होऊन ठेवलेल्या मुलाची एकविसाव्या वर्षी मुदत उरलेली असेल, तर त्याच्यात सुधारणा झाली का आणि तो समाजाला उपयोगी माणूस होऊ शकतो का, हे तपासायचं. म्हणजे जो प्रश्न दारात विचारायला हवा, तो घरातून बाहेर पडताना विचारला जातो.

आता साहित्याकडे वळतो, कारण या दोन प्रश्नांमधला फरक मला आधी पुस्तकांनी शिकवला. मराठी वाचकाच्या मनात मुलाच्या शिक्षेचं जे चित्र पक्कं आहे ते 'श्यामची आई'मधलं. साने गुरुजींनी हे पुस्तक १९३३ साली नाशिकच्या तुरुंगात लिहिलं. ते १९३५ मध्ये प्रसिद्ध झालं. वळण लावण्याचं आपलं सर्वांत लाडकं पुस्तक कैद्याने लिहिलेलं आहे, हे आपण सहसा लक्षात घेत नाही. त्यातलं पोहण्याचं प्रकरण आठवा. श्याम पाण्याला घाबरतो, लपून बसतो. आई त्याला शोधून काढते, फोक उचलते, मारते आणि विहिरीवर पाठवते. तो पोहून परत येतो, तेव्हा तीच आई त्याला जवळ घेऊन समजावते की लोकांनी तुला भित्रा म्हटलेलं मला सहन झालं नसतं.

'शिक्षा' या शब्दाचे दोन्ही अर्थ इथे एका दुपारी भेटतात. मार आहे, आणि मार कशासाठी तर पोहणं जमावं म्हणून. शिक्षेच्या बाजूने बोलणारे मराठी लोक कळत-नकळत याच चित्राच्या आधाराने बोलतात: दोन फटके दिले असते तर ही वेळ आली नसती. पण या प्रकरणाची ताकद फटक्यांत नाही. मारणारा हात आणि वळ कुरवाळणारा हात एकच आहे, मारणारीला मारलेल्याइतकंच दुखतं, आणि संध्याकाळी दोघं एकाच घरात जेवायला बसतात, यात ती आहे. राज्यसंस्थेला हे काहीच करता येत नाही. पोलीस ठाण्यात मारणारा एक, मंडळात निर्णय देणारा दुसरा, निरीक्षणगृहात चावी ठेवणारा तिसरा. राज्य हे मुलाचं पालक आहे, हे बाल न्यायाच्या विचारातलं जुनं गृहीतक. 'श्यामची आई' काळजीने वाचलं तर ते गृहीतक किती पातळ आहे ते कळतं. राज्याला आईची छडी तेवढी उचलता येते.

याची दुसरी बाजू दाखवणारं पुस्तक म्हणजे लक्ष्मण गायकवाड यांचं 'उचल्या'. १९८७ साली ते आलं, दुसऱ्याच वर्षी त्याला साहित्य अकादमीचा पुरस्कार मिळाला, आणि इतर भाषांतही ते गेलं; या अंकाच्या अनेक वाचकांनी ते मराठीबाहेर वाचलं असेल. गायकवाडांचा समाज १८७१ च्या गुन्हेगार जमाती कायद्याखाली जन्मानेच गुन्हेगार ठरवलेल्यांपैकी. कायदा १९५२ मध्ये रद्द झाला, पण पोलिसांची नजर रद्द झाली नाही. लातूरजवळच्या धनेगावातल्या त्या घरात लहानपण म्हणजे झडती, मार आणि भूक. पुस्तकात खिसे कापायला शिकवण्याचं वर्णन येतं, आणि त्या शिक्षणाचाच एक भाग असतो मार खायला शिकणं. म्हणजे उद्या पोलिसांनी मारलं तरी तोंड उघडायचं नाही. श्यामच्या घरात मार पोहायला शिकवतो, इथे मार पुढचा मार सोसायला शिकवतो. शिक्षा आणि शिक्षण यांतलं अंतर इतकं नाहीसं झालेलं मी दुसऱ्या कुठल्या मराठी पुस्तकात पाहिलेलं नाही.

आणि मग शाळा येते. लक्ष्मण शाळेत जाऊ लागतो, वस्तीतली पोरं आजारी पडतात, आणि पंचायत ठरवते की हे याच्या शाळेमुळेच झालं. शिकणं हाच इथे गुन्हा ठरतो. अशा मुलापुढे कलम १५ चा पहिला प्रश्न ठेवून पाहा. गुन्हा करण्याची क्षमता? ती तर भरपूर. घराघरात तिची तालीम होते. परिणाम समजण्याची कुवत? या मुलाइतकी ती कोणाला असेल? पोलीस काय करतात हे त्याला शाळेतल्या कुठल्याही मुलापेक्षा आधी ठाऊक असतं. दोन्ही प्रश्नांत हा मुलगा 'पूर्ण गुण' मिळवेल आणि प्रौढांच्या रांगेत जाऊन उभा राहील. तिसरा प्रश्न, परिस्थितीचा, तेवढा त्याच्या बाजूने बोलेल. पण पहिल्या दोन उत्तरांनी कान भरलेले असताना तो किती ऐकला जाईल?

'उचल्या' वाचताना सुधारणेच्या बाजूच्या लोकांनाही सुटका नाही. गुन्हेगार जमाती कायद्याला १८९७ मध्ये जोड दिली गेली, तिने चार ते अठरा वर्षांच्या मुलांना आईबापांपासून काढून वेगळ्या सुधारवसाहतींत ठेवायची तरतूद केली. नाव सुधारणेचं, आणि कारण काय तर जन्म. सुधारणा म्हणजे आपोआप दया नव्हे. मुलाने काय केलं हे न विचारता तो कोण आहे एवढ्यावरून त्याला 'सुधारायला' नेणं ही शिक्षेपेक्षा कठोर गोष्ट असू शकते, कारण शिक्षेला निदान मुदत असते.

'उचल्या' आधी साहित्यकृती आहे, पण या संदर्भात मी ते आणखी एका प्रकारे वाचतो. बाल न्याय प्रक्रियेत परिविक्षा अधिकारी मुलाचा सामाजिक तपासणी अहवाल तयार करतो. घर कसं, उत्पन्न किती, शाळा सुटली का आणि का, संगत कोणाची, व्यसन आहे का. रकाने भरायचे असतात. तेही एक चरित्र आहे, फक्त ते दुसऱ्याने लिहिलेलं असतं, घाईत, आणि त्यात प्रथमपुरुषी वाक्य नसतं. 'उचल्या' हा तोच अहवाल ज्याच्याबद्दल लिहायचा त्यानेच लिहिलेला आहे. रकाना आणि वाक्य यांतला फरक तिथे कळतो. रकान्यात 'शाळा सोडण्याचं कारण' एका शब्दात बसतं. गायकवाडांना त्यासाठी अख्खी वस्ती उभी करावी लागते.

मुलाला प्रथमपुरुषी बोलू दिलं तर काय होतं, हे दाखवणारी एक कृती मराठीच्या, भारताच्याही बाहेरची आहे. फ्रान्स्वा त्रुफो यांचा १९५९ चा पहिला चित्रपट, इंग्रजीत 'द फोर हंड्रेड ब्लोज'. युद्ध संपत असताना, २ फेब्रुवारी १९४५ च्या अध्यादेशाने फ्रान्सने बालगुन्ह्यात दंडापेक्षा शिक्षण आधी, असं धोरण घेतलं होतं. त्रुफो स्वतः किशोरवयात वडिलांच्या तक्रारीवरून अशाच एका केंद्रात जाऊन आले होते, म्हणून चित्रपटाला त्या धोरणाची आतली बाजू माहीत आहे. नायक आंत्वान पॅरिसमधला शाळकरी मुलगा. वर्गात त्याला शिक्षा होते, ती अन्यायाची आहे असं तो भिंतीवर लिहितो, आणि त्याबद्दलची शिक्षा म्हणून शिक्षक त्याला एक वाक्य सगळ्या काळांत चालवून आणायला सांगतात. शिक्षा म्हणून व्याकरण. पुढे निबंध येतो. आंत्वानला बाल्झाकचं वेड लागलेलं आहे. आजोबांच्या मृत्यूवर लिहिताना त्याच्या लेखणीतून बाल्झाकच उतरतो. शिक्षक त्याला चोर ठरवून वर्गाबाहेर काढतात. लेखकावर जीव टाकणाऱ्या त्या मुलाला वाचता येतं, हे कोणाच्या ध्यानातच येत नाही. मग तो सावत्र वडिलांच्या कचेरीतून टाइपरायटर चोरतो, आणि पकडला जातो तो परत ठेवताना.

या चित्रपटातलं एक दृश्य प्रत्येक बाल न्याय मंडळाला दाखवावं असं मला वाटतं. निरीक्षण केंद्रात मानसशास्त्रज्ञ आंत्वानला प्रश्न विचारते. ती पडद्यावर दिसत नाही, फक्त तिचा आवाज येतो. पडद्यावर एकटा आंत्वान, टेबलाशी बसलेला, हातांशी चाळा करत, कधी हसत, कधी चुकवत उत्तरं देणारा. त्या काही मिनिटांत आपल्याला त्याच्या जन्माबद्दल, आईबद्दल, खोटं बोलण्याबद्दल जे कळतं ते त्याआधीच्या सगळ्या शिक्षक-पोलीस-पालकांना कळलेलं नसतं, कारण त्यांनी विचारलेलंच नसतं. त्रुफो त्या मुलाला निर्दोष ठरवत नाहीत. ते त्याला वेळ देतात. चौकशी आणि ऐकणं यांत फरक आहे, आणि तो फरक कॅमेऱ्याच्या जागेने दाखवता येतो.

निबंध हीच शिक्षा, हा धागा पॅरिसहून थेट पुण्याला येतो. १९ मे २०२४ च्या पहाटे कल्याणीनगरमध्ये सतरा वर्षांचा मुलगा चालवत असल्याचा आरोप असलेल्या भरधाव पोर्श गाडीने दुचाकीवरच्या दोन तरुण अभियंत्यांचा जीव घेतला. त्याच दिवशी त्याला जामीन मिळाला. त्यातल्या अटींपैकी एक होती, रस्ते अपघातांचे परिणाम आणि त्यांवरचे उपाय या विषयावर तीनशे शब्दांचा निबंध लिहिण्याची. देशभर संताप उसळला. पुढे जामिनाचा आदेश बदलून त्याला निरीक्षणगृहात पाठवलं गेलं. जूनमध्ये मुंबई उच्च न्यायालयाने ते बेकायदा ठरवून त्याची सुटका केली. जुलै २०२५ मध्ये मंडळाने त्याच्यावर प्रौढासारखा खटला चालवायची पोलिसांची मागणी फेटाळली. दरम्यान रक्ताचे नमुने बदलल्याच्या आरोपावरून त्याच्या आईवडिलांना आणि डॉक्टरांना अटक झाली होती.

त्या निबंधावर इतके विनोद झाले की त्याच्याकडे निबंध म्हणून कोणी पाहिलंच नाही. मी पाहतो. तो हास्यास्पद होता यात शंका नाही, पण तो 'सौम्य' होता म्हणून नव्हे. विषय चुकला होता. 'अपघातांचे परिणाम आणि उपाय' हा शालान्त परीक्षेचा विषय आहे. त्यात अपघात अनेकवचनी आहेत, सर्वसाधारण आहेत, कोणाचेच नाहीत. त्या पहाटे जे गेले त्यांना नावं होती, घरी आईवडील होते. त्यांच्याबद्दल एक वाक्यही न लिहिता तो निबंध पूर्ण गुणांनी पुरा करता आला असता. शिवाय त्याला वाचक नव्हता. तो वाचून कोणी काय करणार होतं? उलट प्रश्न विचारणार होतं का? शाळेने आपल्याकडे निबंधाचं जे केलं, म्हणजे कोणाशीही न बोलता लिहायचे शब्द, तेच न्यायालयीन आदेशात उतरलं.

यावर एक योग्य आक्षेप येतो, आणि तो टाळून पुढे जाणं बरं नाही. ज्यांची मुलं मेली त्यांनी शब्दांचं काय करायचं? श्रीमंताच्या मुलाला निबंध, आणि गरिबाच्या मुलाला? त्याच पुण्यात कोयते घेऊन फिरणाऱ्या टोळ्यांच्या बातम्यांत 'अल्पवयीन' हा शब्द वारंवार येतो. त्यांच्यापैकी कोणाकडे निबंध मागितल्याचं मी वाचलेलं नाही. संतापाच्या मुळाशी हे होतं, आणि तो संताप खरा होता. पण त्याचं उत्तर सगळ्याच मुलांना प्रौढ ठरवणं हे नव्हे. तो दरवाजा उघडला की त्यातून आधी कोण ढकलला जातो? ज्याच्याकडे वकील नाही तो, गायकवाडांच्या वस्तीतला. आणि पैशाने मऊ झालेल्या प्रकरणात प्रौढांना जबाबदार धरणाऱ्या तरतुदी कायद्यात आहेतच. २०१९ च्या दुरुस्तीने मोटार वाहन कायद्यात आलेलं कलम १९९-अ, अल्पवयीन मुलाने वाहन चालवून गुन्हा केला तर पालकाला किंवा वाहनमालकाला तीन वर्षांपर्यंत कैद आणि पंचवीस हजार रुपये दंड सांगतं. 'बिल्डरपुत्र' हा शब्द बातम्यांनी त्या मुलाला चिकटवला, पण त्या शब्दातला बिल्डर जबाबदार की पुत्र, हे नीट विचारलं तर निम्मा गोंधळ कमी होतो.

उरलेला निम्मा मृतांबद्दलचा आहे. अधिनियमात एक तत्त्व पुनःस्थापनेचं आहे, पण तिथे त्याचा अर्थ मुलाने आपल्या कुटुंबात परत जाणं. ज्याचं नुकसान झालं त्याचं काय पूर्ववत व्हायचं, याबद्दल ते तत्त्व बोलत नाही. म्हणून २०२२ चा सर्वोच्च न्यायालयाचा एक निकाल मला महत्त्वाचा वाटतो. गुरुग्रामच्या एका शाळेतल्या खुनाच्या प्रकरणात न्यायालयाने कलम १५ मधला 'परिणाम' हा शब्द अनेकवचनी आहे यावर बोट ठेवलं. तो फक्त तत्काळ होणारा परिणाम नव्हे. बळी पडलेल्यावर, त्याच्या कुटुंबावर, स्वतः मुलावर आणि त्याच्या घरावर पुढे होणारे परिणामही त्यात आले, असा अर्थ न्यायालयाने लावला. प्राथमिक मूल्यमापन हे नाजूक काम आहे, असंही म्हटलं. एका प्रत्ययाने अर्थ किती बदलतो हे आम्ही अनुवादक रोज पाहतो. न्यायालयाने ते एकदा करून दाखवलं. गाडी आदळली की माणूस मरतो, हे सतरा वर्षांच्या मुलाला समजतं. पण त्या घरात वर्षानुवर्षं काय होतं, हे समजायला त्याला कोणीतरी शिकवावं लागतं. इथे क्षमता ही तपासायची गोष्ट न राहता घडवायची गोष्ट होते. शिक्षेतला इच्छार्थ परत येतो.

मला हव्या असलेल्या व्यवस्थेत मुलाकडून जबाबदारी काढून घेतलेली नाही. उलट ती त्याच्यापर्यंत पोचवलेली आहे. कोठडी बहुधा ती पोचवत नाही. तिथे मुलगा स्वतःच्या हालांचाच विचार करायला शिकतो, 'उचल्या'तल्या पोरांसारखा सोसायला शिकतो. पाठीवर थाप मारून घरी पाठवणंही ती पोचवत नाही. दोघांच्या मधलं काम कष्टाचं आणि सावकाश होणारं आहे, आणि ते माणसांनी करायचं आहे: वेळ असलेला परिविक्षा अधिकारी, नीट लिहिलेला अहवाल, मुलाला त्याच्या भाषेत विचारणारा समुपदेशक, आणि ज्यांचं गेलं त्यांची तयारी असेल तर त्यांचा शब्द त्या मुलाच्या कानावर घालण्याची सोय. अशा ठिकाणी लिहिणंही शिक्षा होऊ शकतं, चांगल्या अर्थाने. अट एवढीच की विषय त्याने केलेल्या कृतीचा असावा आणि पलीकडे वाचणारं कोणीतरी असावं.

नोंदी पुसण्याच्या कलमाबद्दल मात्र माझं मन अजून स्थिर नाही, आणि साहित्यवाचक म्हणून ते तसंच ठेवावंसं वाटतं. मुलाची ओळख उघड करायची नाही, मुदतीनंतर अभिलेख नष्ट करायचे, अतिगंभीर गुन्ह्यातले अपवाद सोडून. हे योग्यच आहे. भूतकाळ कपाळावर घेऊन कोणाला नोकरी मिळत नाही, हे विमुक्त समाजांएवढं कोणाला माहीत? पण त्याच समाजातल्या लेखकाने जो शब्द शिवी म्हणून वापरला जात होता, तोच पुस्तकाचं नाव म्हणून छापला. पुसणं हे राज्याचं कर्तव्य आहे. आठवणं हा त्या माणसाचा अधिकार आहे. राज्याने विसरावं म्हणजे मुलाला कधीतरी, स्वतःच्या वेळेने, स्वतःच्या वाक्यात आठवता येईल. हे उलटं होतं तेव्हा, म्हणजे पोलीस ठाणं लक्षात ठेवतं आणि मुलाला गप्प बसवलं जातं, तेव्हा कुठल्याच भाषेतली शिक्षा उरत नाही, हिंदीतलीही नाही आणि मराठीतलीही नाही.

'विधिसंघर्षग्रस्त' ऐवजी मी काय लिहीन, असं संपादक विचारतात. मी 'कायद्याशी संघर्षात असलेला मुलगा' किंवा 'मुलगी' लिहितो. शब्द दोन-तीन जास्त लागतात. मुद्रितशोधक तक्रार करतात. पण संघर्षात असलेला माणूस त्यातून बाहेर येऊ शकतो, आणि त्यात त्याने काय केलं हेही त्याला विचारता येतं. ग्रस्ताला ते विचारता येत नाही, आणि उल्लंघन करणाऱ्याला विचारायची गरजच वाटत नाही.